आडनावातले गाव

हे प्रकरण एका माहितीपटाच्या निर्मितीतील सुमारे चार महिन्यांच्या काळाविषयी आहे, आणि त्यातही मुख्यतः एका कॅसेटविषयी. माहितीपट करणाऱ्या बाई मूळच्या चित्रकार. त्यांचा जन्म इस्रायलमधला, आई मुंबईत वाढलेली आणि घराणे बेने इस्रायल, म्हणजे कोकणच्या किनाऱ्यावर कित्येक शतके राहिलेल्या मराठीभाषक ज्यू समाजातले. माझ्याकडे ध्वनिमुद्रणे ऐकून लिहून काढण्याचे आणि भाषांतर तपासण्याचे काम होते. कोणाची ओळख उघड होऊ नये म्हणून माणसांची नावे, गावाचे नाव आणि ज्याच्याभोवती सारे प्रकरण फिरते ते आडनाव मी येथे देत नाही. त्याची घडण कळावी एवढ्यापुरती केहिमकर, पेणकर, रोहेकर, अष्टमकर ही समाजातली परिचित आडनावे वाचकाने डोळ्यांपुढे ठेवावीत.

बाई मुंबईत आल्या तेव्हा माहितीपटाचा आराखडा तयार होता. त्यांचे आजी-आजोबा, आई आणि मामा १९६० साली मुंबई सोडून गेले. आजीची धाकटी बहीण तेवढी आग्रीपाड्यातल्या खोलीत राहिली. पुढे वीस-बावीस वर्षे दोघी बहिणी एकमेकींना कॅसेटवर बोलून पाठवत असत, कारण दोघींनाही लिहिण्याचा कंटाळा होता आणि बोलण्याचा नव्हता. आजीने पाठवलेल्या बारा कॅसेट बहिणीच्या मृत्यूनंतर तिच्या मुलाकडे, ठाण्यात, एका पत्र्याच्या ट्रंकेत होत्या. त्यातल्या काही त्याने पूर्वीच संगणकावर उतरवून बाईंना पाठवल्या होत्या. बाईंना मराठी समजते ते स्वयंपाकघरापुरते, म्हणून त्यांच्या आईने त्या ऐकून प्रत्येकीचा सारांश सांगितला होता: आई भारताची आठवण काढते, घराबद्दल विचारते, सणांबद्दल सांगते. या सारांशावर आराखडा उभा होता. माहितीपट इस्रायलच्या दक्षिणेतल्या एका शहरातील सदनिकेत सुरू होणार होता आणि आग्रीपाड्यातल्या त्या खोलीच्या दारात संपणार होता. नात आजीच्या घरी परतते, असा त्याचा आकार होता.

मला हा आकार पहिल्या दिवशी खटकला असे म्हणणे खोटे ठरेल. तो सुबक होता आणि त्यासाठी निधीही मिळालेला होता.

माझे काम ठाण्याच्या ट्रंकेतल्या मूळ कॅसेटपासून सुरू झाले. नव्वद मिनिटांच्या त्या कॅसेट, वेष्टनावर निळ्या बॉलपेनने तारखा. बारापैकी तीन पूर्ण चिकटलेल्या होत्या, त्या वाजल्या नाहीत. १९७९ सालच्या एका कॅसेटमध्ये फितीला मागून दाबून धरणारा फेल्टचा बारीक चौकोनी तुकडा निखळून आत खुळखुळत होता, त्यामुळे आवाज भिंतीपलीकडून आल्यासारखा येत होता. ध्वनिमुद्रकाने बाजारातून एक कोरी कॅसेट आणली, तिच्यातला फेल्ट चिमट्याने काढून हिच्यात बसवला, वाजवणीयंत्राचे डोके फितीशी जुळवून घेतले आणि मग पन्नाशी-साठीतल्या बाईचा मोकळा आवाज खोलीत आला: "गावाला गेलीस का गो? आवारात चिंचेखाली पाणी भरलं असेल आता. यंदा लावणी कुणी केली?"

मी हे वाक्य लिहून घेतले आणि सारांशाच्या कागदाशी ताडून पाहिले. तेथे लिहिले होते: "ती बहिणीला विचारते की घराकडे सगळे ठीक आहे का." बहीण आग्रीपाड्यात बसून ही कॅसेट ऐकणार होती. आग्रीपाड्यात राहणाऱ्या बाईला "आग्रीपाड्याला गेलीस का" असे कोणी विचारत नाही, आणि आग्रीपाड्यात लावणी होत नाही. म्हणजे आजी ज्याची आठवण काढत होती ते मुंबईतले घर नव्हतेच. वाजणाऱ्या नऊही कॅसेट या एका शब्दासाठी पुन्हा ऐकल्यावर असे दिसले की आजी तीन ठिकाणांसाठी तीन शब्द कधीही न चुकता वापरत होती. इस्रायलमधल्या सदनिकेला ती 'घर' म्हणत होती, आग्रीपाड्याला 'मुंबईची खोली', आणि अलिबाग तालुक्यातल्या एका वस्तीला 'गाव'. एका ठिकाणी तर तिने तिन्ही एका दमात सांगितले होते: "इथं घर आहे, मुंबईला खोली होती, पण गावाला काय होतं ते आता कुणाला सांगू?"

बाईंच्या आईने हे तिन्ही शब्द एकाच अर्थात ओतले होते. यात त्यांची लबाडी नव्हती. त्या मुंबईतच जन्मल्या आणि अठराव्या वर्षी मुंबईतूनच गेल्या. त्यांच्यापुरते सोडून आलेले एकच ठिकाण होते, म्हणून आपल्या आईच्या तोंडचे प्रत्येक सोडलेले ठिकाण त्यांना मुंबईच वाटले.

येथे थोडी पार्श्वभूमी सांगणे आवश्यक आहे. बेने इस्रायलांच्या परंपरेनुसार अलिबागच्या उत्तरेला नवगावजवळ फुटलेल्या जहाजातून सात पुरुष आणि सात स्त्रिया वाचल्या आणि त्यांच्यापासून हा समाज वाढला. गावोगावी त्यांचा व्यवसाय घाण्यावर तेल काढण्याचा होता आणि शनिवारी घाणा बंद ठेवत म्हणून शेजारचे लोक त्यांना शनिवार तेली म्हणत. अठराव्या शतकात मुंबई वाढू लागली तशी ही कुटुंबे खाडी ओलांडून आली. आधी कंपनीच्या पलटणींत, मग सुतारकाम, बांधकाम, रेल्वे आणि कचेऱ्यांत स्थिरावली. टिपू सुलतानाविरुद्धच्या युद्धात कैद होऊन सुटून आलेले सॅम्युअल इझिकिएल दिवेकर यांनी १७९६ साली मांडवीच्या बाजूला बांधलेले सभास्थान, म्हणजे ज्यूंचे प्रार्थनागृह, ही त्यांची मुंबईतली पहिली मोठी खूण. लोक त्याला मशीदच म्हणत आणि मशीद बंदर या नावाचा उगम तिकडे दाखवला जातो. १८४६ साली हग्गादा, म्हणजे वल्हांडण सणाच्या रात्री वाचायची पोथी, हिब्रू आणि मराठीत मुंबईत छापली गेली. १८७५ साली हायेम सॅम्युअल केहिमकर यांनी समाजासाठी शाळा काढली. १८८० च्या दशकात तर अब्राहाम, मोशे, योसेफ यांच्या कथांवर मराठी कीर्तने होऊ लागली, साकी-दिंडीसह. १९४८ च्या सुमारास भारतात या समाजाचे सुमारे वीस हजार लोक होते आणि पुढच्या दोन दशकांत त्यांतले बहुसंख्य इस्रायलला गेले.

ज्याला इतिहासात स्थलांतर म्हटले जाते ते हे शेवटचे. आधीचे, कोकणातून मुंबईला येणे, कोणीच त्या नावाने मोजत नाही, कारण ते साऱ्या कोकणानेच केले. पोर मोठे झाले की मुंबईला जायचे, ही कोकणातल्या घरांची रीत होती, त्यात ज्यू, कुणबी, मराठा, मुसलमान असा भेद नव्हता. बाईंच्या आराखड्यात ही पहिली पायरी पूर्णपणे गळाली होती.

आम्ही हे त्यांना समजावून सांगितले तेव्हा त्यांना ते तर्काने पटले, पण आराखडा बदलावा इतके पटले नाही. ते पटले आग्रीपाड्यातल्या चाळीत. आजीच्या बहिणीच्या खोलीत आता दुसरे कुटुंब राहते. बाईंना गॅलरीत उभे राहून शेजाऱ्यांशी बोलायचे होते आणि त्यांनी माझ्यामार्फत प्रत्येकाला एकच प्रश्न विचारला: तुम्ही मूळचे मुंबईचेच का? तळमजल्यावरच्या सत्तरीतल्या मावशी नळावर हंडा लावून उभ्या होत्या. त्या म्हणाल्या, "जन्म इथलाच. पण गाव राजापूर." दुसऱ्या मजल्यावरचे गृहस्थ म्हणाले, "आमचं संगमेश्वर. शिमग्याला जातो ना." एका तरुण मुलीने आपण गावाला आयुष्यात दोनदा गेल्याचे सांगितले, तरी उत्तरात गावाचेच नाव घेतले. पुढचे एक दार गुहागरचे, त्याच्या पुढचे आजमगढचे. मावशींनी मग बाईंकडे नीट पाहिले आणि मला विचारले, "हिचं गाव कुठलं?" मी भाषांतर केले. बाईंना उत्तर देता आले नाही. कॅमेरा चालू होता. माहितीपटात हा प्रसंग आहे आणि माझ्या मते तोच त्याचा कणा आहे.

त्या संध्याकाळी आम्ही आडनावाविषयी बोललो. इस्रायलमधल्या कागदोपत्री कुटुंबाचे आडनाव आजोबांच्या वडिलांचे नाव आहे, एक साधे बायबलमधले नाव. कॅसेटवर मात्र आजी बहिणीच्या नवऱ्याला थट्टेने आणि पुढे स्वतःलाही '-कर' लावून हाक मारते. बाईंना हा प्रत्यय ठाऊक होता, पण त्यांनी त्याचा अर्थ 'अमुक गावात राहणारा' असा घेतला होता. मराठी माणूस या शब्दावर थांबत नाही, कारण तो दिवसभरात वीस वेळा तो उच्चारतो. पण थांबून पाहिले तर अर्थ जवळजवळ उलटा निघतो. पेणमध्ये सगळेच पेणचे. तेथे एकाला पेणकर म्हणून काय ओळखणार? पेणकर हे नाव माणसाला पेण सोडून बाहेर पडल्यावर, दुसऱ्या गावात 'कुठले तुम्ही' या प्रश्नाचे उत्तर म्हणून चिकटते. याला अपवाद असतील, वतनावरून, मानावरून आलेली आडनावे असतील. तरी मुंबईत आलेल्या या समाजापुरते तरी '-कर' म्हणजे निघाल्याची पावती होती.

ही पावती पुढच्या प्रवासात हरवत गेल्याचे मुंबईच्या रस्त्यांवरही दिसते. १९३७ साली मुंबईचे महापौर झालेले डॉ. एलिजा मोझेस हे राजपूरकर होते. महालक्ष्मीहून वरळीकडे जाणाऱ्या डॉ. ई. मोझेस मार्गाच्या नावात राजपूरकर उरलेले नाही. हिंदी चित्रपटांतले लाडके चरित्र अभिनेते डेव्हिड हे चेउलकर होते, म्हणजे चौलचे.

आता या प्रकरणातला अवघड भाग. १९७९ च्याच कॅसेटच्या दुसऱ्या बाजूला सुमारे चार मिनिटांचा एक भाग आहे, ज्याचा सारांश बाईंच्या आईने "लग्नाबद्दल बोलते" एवढाच दिला होता. त्यात आजी बहिणीला १९६३ सालची गोष्ट सांगते. इस्रायलच्या मुख्य धर्मपीठाने १९६२ मध्ये असा आदेश काढला होता की बेने इस्रायल व्यक्तीचा विवाह समाजाबाहेरच्या ज्यू व्यक्तीशी होत असेल तर तिच्या आईच्या, आजीच्या आणि शक्य तितक्या मागच्या पिढ्यांच्या ज्यूपणाची चौकशी करावी. समाजाने याविरुद्ध मोठे आंदोलन केले, १९६४ च्या उन्हाळ्यात जेरुसलेममध्ये धरणे धरले, आणि त्या वर्षी ऑगस्टमध्ये तिथल्या संसदेने बेने इस्रायल हे सर्व बाबतींत पूर्ण ज्यू असल्याचा ठराव केला. आजीच्या मुलीचे लग्न नेमके या दोन वर्षांच्या मधले. नोंदणीच्या टेबलावर मुलीला आणि आजीला जे प्रश्न विचारले गेले ते आजी सांगते. त्यांतले काही शब्द अपमानाचे आहेत. आणि मग ती म्हणते: "मी म्हटलं, नावात आहे की आमचं गाव, विचारा कुणाला पण. तर तो म्हणाला, नावात कुठं आहे? बघितलं तर कागदावर खरंच नव्हतं. पासपोर्ट काढताना लांब होतंय म्हणून आपणच गाळलं होतं गो."

ती मुलगी म्हणजे बाईंची आई.

लिहून काढलेला मजकूर मी पूर्ण, काहीही न गाळता, बाईंना दिला. ते माझे कामच होते, तरी देताना हात जड झाला हे नोंदवायला हवे, कारण एका ऐंशीच्या घरातल्या बाईंनी जे मुद्दाम झाकले होते ते मी त्यांच्या मुलीपुढे उघडे करत होतो. बाईंनी दोन दिवस कोणालाच काही सांगितले नाही. मग त्यांनी चित्रीकरण थांबवून व्हिडिओ कॉलवर आईला तो भाग ऐकवला. कॅमेरा बंद होता. मी दुभाषी म्हणून हजर होतो. आईंनी शेवटपर्यंत ऐकले आणि माझ्याकडे पाहून मराठीत म्हणाल्या, "मी हे ऐकलं होतं. मुद्दामच नाही सांगितलं. हे माझ्या लग्नाचं आहे. आजीच्या पिक्चरमध्ये कशाला?"

आमच्या छोट्या चमूत यावर सरळ दोन तट पडले. संकलकाचे म्हणणे होते की हा भाग गाळला तर माहितीपटाला अर्थ नाही. माझेही मत तेव्हा तेच होते: १९६२ ते ६४ चा तो काळ सार्वजनिक इतिहास आहे, त्याचा इतका थेट, घरगुती मराठीतला साक्षीदार सहसा मिळत नाही, आणि तो अपमान कुटुंबाने का लपवावा? आज मला माझा युक्तिवाद अपुरा वाटतो. आदेश सार्वजनिक होता, पण कॅसेट खासगी होती. ती एका बहिणीने दुसरीला पाठवलेले पत्र होते, आणि त्यात जिची गोष्ट होती ती तिसरीच बाई होती, जिला त्या वेळी कोणी विचारले नव्हते आणि आता प्रथमच विचारले जात होते. बोलणारी आजी हयात नाही, ऐकणारी बहीण नाही. तिच्या मुलाने कॅसेट वापरण्याची लेखी परवानगी दिली होती आणि कायद्याच्या बाजूने तेवढे पुरेसे असावे. बाईंनी मात्र ठरवले की आईचा नकार असेल तर तो भाग येणार नाही, आणि हे त्यांनी आईला निकाल लागण्याच्या आधी सांगितले. मला वाटते, क्रम महत्त्वाचा होता. आधी मन वळवून मग हक्क दिला असता तर तो हक्क राहिला नसता.

आईंनी आठवडाभराने स्वतः फोन केला. त्यांचे म्हणणे असे होते की टेबलापलीकडच्या माणसाचे प्रश्न आणि त्याचे शब्द नकोत, लग्न कोणाचे हेही नको, पण "नावात आहे की" पासून "आपणच गाळलं होतं" पर्यंतचे आईचे बोलणे घ्यायला हरकत नाही, कारण "ते खरं आहे आणि ते सगळ्यांनीच केलं." तसेच झाले. माहितीपटात ती चार वाक्ये येतात आणि आधी आदेशाची व ठरावाची माहिती दोन ओळींच्या पाटीवर येते. ही तडजोड असली तरी तिने काम सुधारले असे मी मानतो. अपमान करणारा माणूस बाजूला झाल्यामुळे आजीच्या बोलण्यातला दुखरा भाग वेगळाच ऐकू येतो: नाव कोणी हिसकावले नव्हते, रांगेत उभे असताना लांब वाटले म्हणून आपल्याच हाताने सोडले होते.

यानंतर गावाला जाणे ओघानेच आले. मांडव्याची बोट जवळची होती, पण आजी भाऊच्या धक्क्याहून जात असे म्हणून आम्हीही तेथूनच रेवसची लाँच धरली. मासळीच्या पाट्या उतरवणाऱ्या बायकांमधून वाट काढत खाली उतरावे लागते. बाईंनी पाऊण तास फक्त तो धक्का चित्रित केला. गावात घराचा चौथरा दाखवतील, चिंच दाखवतील अशी त्यांची अपेक्षा होती. चिंच नव्हती. घाण्याचा दगडी उखळ एका घरामागे पालथा पडलेला होता आणि त्यावर कपडे धुतले जात होते. तेथल्या एका वृद्ध शेतकऱ्याला कुटुंब आठवत होते, म्हणजे त्याच्या वडिलांकडून ऐकलेले. बाईंनी सांगितलेले आडनाव मात्र त्याला आधी कळलेच नाही. मग तो हसून म्हणाला, "हे नाव आमच्याच गावाचं झालं की! इथं त्यांना कोण असं म्हणेल? इथं ते तेली. हे नाव मुंबईचं." आग्रीपाड्यातल्या संध्याकाळी आम्ही तर्काने जे मांडले होते ते त्याने न विचारता सांगितले.

चित्रकार म्हणून बाईंनी यातून जे केले त्याविषयी थोडे लिहितो. सुरुवातीला त्यांना तेल्याच्या घाण्याची मोठी मांडणी करायची होती. मला ती कल्पना पर्यटकी वाटली होती आणि मी तसे बोललोही होतो. प्रत्यक्षात उरले ते फक्त तेल. हाताने केलेल्या जाड कागदावर त्या बोटाने खोबरेल तेलाने आडनाव लिहितात, देवनागरीत. लिहिताना जवळजवळ काही दिसत नाही. कागद खिडकीसमोर धरला की तेल मुरलेल्या जागेतून उजेड आरपार येतो आणि नाव वाचता येते. कागद टेबलावर ठेवला की पुन्हा फिकट डाग. '-कर' लिहिताना त्यांची 'र'ची वेलांटीसारखी शेपूट प्रत्येक वेळी चुकते, आणि ते चुकणे त्यांनी तसेच ठेवले आहे. काही आठवड्यांत तेल पसरते आणि अक्षरांच्या कडा विरतात, म्हणून दर प्रदर्शनाला कागद नवा लिहावा लागतो.

माहितीपटाचे सारेच जमले आहे असे नाही. मलिद्याचा प्रसंग फार लांबला आहे. एलियाहू हनावी, म्हणजे संदेष्टा एलिया, याच्या नावाने होणाऱ्या त्या विधीत भिजवलेले पोहे, खोवलेले ओले खोबरे, साखर, वेलची, सुकामेवा आणि फळांची मांडणी असलेले ताट देखणे दिसते, आणि देखणे दिसते म्हणूनच कॅमेरा तेथे सहा मिनिटे रेंगाळतो. पण प्रश्न गावाचा असताना ताट त्याविषयी काही सांगत नाही. इस्रायलमधले मराठी नियतकालिक 'मायबोली' कॅसेटवर ओझरते येते, ते मात्र हातचे सुटले.

उपशीर्षकांचा निर्णय सर्वांत शेवटी झाला. हिब्रूत खेड्यासाठी शब्द आहे, परंतु तो घातला की आजी एखाद्या निसर्गरम्य जागेची आठवण काढते आहे असे वाटते, असे बाईंचे मत पडले. मुंबईच्या इंग्रजीने यासाठी 'नेटिव्ह प्लेस' हा जोडशब्द कधीच करून ठेवला आहे, पण तो मुंबईबाहेर कळत नाही. अखेर हिब्रू आणि इंग्रजी दोन्ही उपशीर्षकांत 'गाव' हा शब्द तसाच, त्या त्या लिपीत, ठेवला. पहिल्यांदा तो येतो तेव्हा प्रेक्षकाला अर्थ कळत नाही. आग्रीपाड्यातल्या गॅलरीत पाचव्या दारापर्यंत कळतो.

श्रेयनामावली बाईंनी आईला वाचून दाखवली. आजीचे नाव '-कर'सह लिहिले होते आणि भाषांतराच्या श्रेयात आईचेही तसेच. आईंनी आजीचे तसेच राहू दिले. स्वतःचे मात्र त्यांनी लग्नाच्या दाखल्यावर आहे तसे, '-कर'शिवाय, लिहायला सांगितले.